सिंहली बोलपट : परक्या छपराखालून आपल्या अंगणात



१९५२ नंतरची दहा-वीस वर्षे ज्यांनी नभोवाणीच्या यंत्राजवळ बसून काढली, त्यांच्या घरी सिलोनचे नाव रोज निघत असे. तत्कालीन नभोवाणीमंत्री डॉ. बाळकृष्ण केसकर, हे गृहस्थ आपल्या पुण्याचेच, यांनी हिंदी चित्रपटगीतांस आकाशवाणीच्या अंगणातून जवळजवळ हद्दपार केले; आणि रुसलेले श्रोते सुई फिरवीत फिरवीत कोलंबोच्या ‘रेडिओ सिलोन’वर जाऊन पोहोचले. बुधवारची रात्र आली की मुंबई-पुण्याच्या बिऱ्हाडांतून ‘बिनाका गीतमाला’ ऐकू येऊ लागे. मौज अशी की, तो कार्यक्रम ध्वनिमुद्रित होई मुंबईतच. तेथून तो विमानाने कोलंबोस जाई आणि समुद्र ओलांडून पुन्हा आपल्याच दिवाणखान्यात येई. आपलीच गाणी आपण लंकेकडून ऐकत होतो. परंतु ज्या कोलंबोतून ती येत, तेथील माणसे स्वतःच्या भाषेत कोणते बोलपट पाहात होती, हा प्रश्न आपल्यापैकी फारच थोड्यांच्या मनात आला असेल. त्या राहून गेलेल्या प्रश्नाकडे आज वळावयाचे आहे.

सिंहली बोलपट म्हटला की आपला मराठी माणूस थोडा बिचकतो. भाषा कळणार नाही, असे त्याला वाटते. वस्तुतः सिंहली ही आर्यकुलातीलच भाषा आहे, आणि तिच्या उत्तम चित्रपटांची नुसती नावे वाचली तरी दूरच्या नात्यातील माणसाचा चेहरा ओळखू यावा तसे होते. ‘रेखाव’ म्हणजे रेखा, तळहातावरची रेषा. ‘संदेशय’ म्हणजे संदेश. ‘निधानय’ म्हणजे आपल्या संतांच्या ओठी सदैव असलेले निधान. ‘गंपेरळिय’ हे नाव पहिल्याने अवघड वाटते. पण त्यातील ‘गम’ म्हणजे ग्राम, आणि ‘पेरळिय’ म्हणजे उलथापालथ, हे कळले की गावाची उलथापालथ हा अर्थ आपोआप लागतो. ‘बंबरु’ हे आपल्या भ्रमराचेच भावंड. चित्रपट पाहावयाचा तो अर्थात् भाषांतरित ओळींच्या आधारानेच पाहावा लागेल. परंतु दारावरची पाटी तरी आपणांस परकी नाही.

आता या चित्रपटांचा इतिहास सामान्यतः असा सांगितला जातो : १९४७ साली सिंहली बोलपट जन्मास आला, पहिली नऊ-दहा वर्षे तो मद्रासकडील स्टुडिओंच्या उष्ट्यावर वाढला, १९५६ साली लेस्टर जेम्स पेरीस यांनी ‘रेखाव’ काढला आणि तेव्हापासून खरा, शुद्ध, अस्सल सिंहली चित्रपट सुरू झाला. म्हणून नवख्या प्रेक्षकाने १९५६ पासून प्रारंभ करावा व मागचे सारे सोडून द्यावे. या कथेत पुष्कळ सत्य आहे. मात्र ‘शुद्ध’ हा शब्द मला खटकतो. तो शब्द त्या बेटावर पुढे काय काय करून गेला, हे आपण जाणतो. आणि चित्रपटाच्या बाबतीत तर तो खराही नाही. तेव्हा थोडे मागे जाऊनच सुरुवात करू.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मुंबईच्या पारशी नाटक मंडळ्या जहाजाने कोलंबोस जाऊन खेळ करीत. रंगविलेले पडदे, जरीचे पोशाख, पेटी-तबल्यावरची हिंदुस्थानी पदे पाहून तेथील प्रेक्षक वेडावले, आणि त्या नमुन्यावर ‘नूर्ति’ या नावाचा एक सिंहली नाट्यप्रकार उभा राहिला. जॉन डि सिल्वा हे त्यातील मोठे नाटककार. त्यांनी १९०३ च्या सुमारास विश्वनाथ लाउजी नावाच्या हिंदी गवयास बोलावून त्याच्याकडून आपल्या नाटकांस चाली लावून घेतल्या. गवयाला सिंहली येत नव्हते व नाटककाराला राग ठाऊक नव्हते, तरी त्यांतील काही पदे पुढे त्या देशाच्या कंठात कायमची बसली. आपल्याकडे किर्लोस्कर-देवलांची नाटके ज्यांनी ऐकली-वाचली आहेत, त्यांस हे वातावरण समजावून सांगावयास नको. १९११ साली कोलंबोच्या मरदान भागात ‘टॉवर हॉल’ हे नाट्यगृह उघडले, आणि पुढची वीस-पंचवीस वर्षे सिंहली रंगभूमीचा सारा थाट तेथेच होता. बोलपट आला तो याच रंगभूमीच्या पोटी.

मूकपटाचाही एक प्रयत्न झाला होता. १९२५ साली ‘राजकीय विक्रमय’ नावाचा मूकपट तयार झाला. हिंदुस्थानात व सिंगापुरात तो दाखविला गेला. परंतु लंकेतील प्रेक्षकांपुढे येण्यापूर्वीच तो आगीत नष्ट झाला. ज्या देशाचा पहिला चित्रपट त्याच देशाने पाहिला नाही, त्याच्या चित्रेतिहासाचा आरंभ राखेपासून होतो. राखेची ही गोष्ट श्रोत्यांनी ध्यानात ठेवावी. आपल्याला तिच्याकडे पुन्हा यावयाचे आहे.

यानंतर बावीस वर्षांनी, २१ जानेवारी १९४७ रोजी, कोलंबोत ‘कॅडवुणु पोरोंदुव’, म्हणजे ‘मोडलेले वचन’, हा पहिला सिंहली बोलपट प्रदर्शित झाला. स्वराज्य मिळावयास अद्याप वर्षभराचा अवकाश होता. बी. ए. डब्ल्यू. जयमान्न यांच्या मिनर्व्हा नाटक मंडळीचे हे गाजलेले नाटक. तेच थोड्या फेरफाराने पडद्यावर आले. निर्माते एस. एम. नायगम हे तमिळ. दिग्दर्शक ज्योतिष सिन्हा हे बंगाली. आणि चित्रण झाले ते दक्षिणेत मदुरेस, नायगम यांच्याच ‘चित्रकला मूव्हिटोन’च्या स्टुडिओत. सगळी मंडळी समुद्र ओलांडून गेली, परक्या छपराखाली उभी राहिली, आणि जी भाषा भोवतालच्या कामगारांपैकी बहुतेकांस कळत नव्हती त्या भाषेत रडली, हसली, गायली.

त्या बोलपटाची नायिका रुक्मणी देवी. हिचे जन्मनाव डेझी रसम्मा डॅनियल्स. १९२३ साली एका तमिळ ख्रिस्ती घराण्यात ही जन्मली. सिंहली रंगभूमीवर ती गाऊ लागली, नट एडी जयमान्न यांच्याशी तिचा विवाह झाला, आणि पडद्यावर सिंहली स्त्रीचा पहिला आवाज उमटला तो या तमिळ कन्येचा. पुढे तीस वर्षे लंकेने तिला आपली कोकिळा मानले. १९७८ साली मोटार-अपघातात तिचा अंत झाला तेव्हा सारा देश हळहळला. त्या दिवशी तिची जात अगर वंश कोणी विचारला नाही.

त्याच १९४७ साली आलेल्या ‘अशोकमाला’ या दुसऱ्या बोलपटाचे संगीत मोहम्मद घौस यांचे. ‘घौस मास्तर’ या नावाने ते ओळखले जात. सेलमकडे जन्मलेले मोहिदीन बेग हे त्यात गायले. हेच बेग पुढे बुद्धाची भक्तिगीते गाऊन घरोघरी पोहोचले. आणि घौस मास्तरांनी ॲल्बर्ट परेरा नावाचा एक एकोणीस-वीस वर्षांचा मुलगा त्या चित्रपटात गावयास उभा केला. त्या मुलाचे पुढे काय झाले ते यथावकाश सांगतो.

यानंतरच्या सात-आठ वर्षांतील बहुतेक बोलपटांविषयी फार बोलण्यासारखे नाही. १९५३ चा ‘सुजाता’ हा अतिशय लोकप्रिय झाला. तो आपल्या हिंदी ‘बडी बहन’चा सरळ सिंहली अवतार. हिंदी गीतांच्या चालीवर सिंहली शब्द बसवावयाचे, कथानकात एक पतित श्रीमंत, एक सोशीक स्त्री व एक विनोदी गडी घालावयाचा, भिंती रंगविलेल्या, चंद्र पुठ्ठ्याचा, हा ठराविक साचा. गावातील झोपडीसुद्धा मद्रासकडील सुतार बांधीत. मग तिच्यात लंकेची माती कोठून येणार? एक-दोन बोलपट पाहावेत, ते रुक्मणी देवीच्या आवाजासाठी. बाकीचे इतिहासकारांस सोडून द्यावेत.

आता १९५६. हे वर्ष लंकेच्या इतिहासात फार भारलेले आहे. वसंतात बंडारनायके यांचा पक्ष निवडून आला व त्याच वर्षी सिंहली हीच एकमेव राजभाषा ठरविणारा कायदा झाला. वर्षाच्या अखेरीस सरच्चंद्र यांचे ‘मनमे’ हे नाटक रंगभूमीवर आले. ते इतके मुळाशी जाणारे होते की जुनी नूर्ति एका रात्रीत म्हातारी वाटू लागली. मार्टिन विक्रमसिंह यांची ‘विरागय’ ही कादंबरीही त्याच वर्षीची. आणि डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात ‘रेखाव’ पडद्यावर आला. एक समाज आपला आवाज शोधीत होता. कोणी तो कायद्यात शोधला, कोणी नाटकात. दोन्ही शोध एकाच वर्षी सुरू झाले म्हणून ते एकच होते असे मात्र समजू नये.

लेस्टर जेम्स पेरीस यांचा जन्म १९१९ सालचा, कोलंबोनजीकच्या देहिवल येथला. घराणे कॅथलिक, घरातील रीत इंग्रजी. बंधू ऐव्हन हे नामांकित चित्रकार. लेस्टर तरुणपणी लंडनमध्ये राहून वृत्तपत्रासाठी लिहीत व हौसेने लघुपट काढीत. १९५२ मध्ये ते परतले आणि सरकारी चित्रपट विभागात दाखल झाले. तेथे माहितीपट काढता काढता त्यांनी आपला देश, विशेषतः त्याची खेडी, प्रथमच डोळे भरून पाहिली. १९५५ साली त्यांनी, छायालेखक विल्यम ब्लेक यांनी व संकलक टायटस तोटवत्त यांनी, अशा तिघांनी नोकरी सोडली, आणि कॅमेरा स्टुडिओच्या बाहेर, गावात नेला.

‘रेखाव’ची गोष्ट साधी आहे. सिरियल नावाच्या खेड्यात एक बांबूच्या उंच पायांवर चालणारा भटका खेळिया येतो. सेना या मुलाचा हात पाहून तो मोठा वैद्य होईल, असे भविष्य वर्तविले जाते. सेनाची खेळगडी अनुला हिची दृष्टी जाते. सेना तिच्या डोळ्यांवर हात ठेवतो आणि तिला पुन्हा दिसू लागते. मग काय! मुलाच्या हाताला गुण आहे म्हणून लोक लोटतात. बापाची व गावातील धूर्तांची चंगळ होते. पुढे त्याच्याकडे आणलेला एक मुलगा मरतो, अवर्षण पडते, आणि काल ज्याच्या पाया पडले त्याच पोरावर आज सारा गाव उलटतो. हा चित्रपट सर्वांगी निर्दोष नाही. कथेचा सांधा मध्ये मध्ये खिळखिळा आहे, आणि प्रौढ नटांपैकी काहींच्या अंगातून रंगभूमी अद्याप गेलेली नाही. पण त्यातील आभाळ खरे आहे. पतंगामागे धावणारी मुले खरोखर धावतात, खरोखर दमतात. सिंहली प्रेक्षकाने आपले गाव आपल्या उजेडात पडद्यावर पाहिले ते येथे.

आणि त्याने ते पाहून काय केले? पाठ फिरवली! ‘रेखाव’ तिकीटखिडकीवर पडला. १९५७ साली फ्रान्समधील कान येथील महोत्सवात तो स्पर्धेत घेतला गेला, जाणत्यांनी वाखाणला. पण कोलंबोतील चित्रगृहांस ‘सुजाता’ हवी होती. ज्या वर्षी सिंहलीच्या नावाने निवडणूक जिंकता येत होती, त्याच वर्षी सिंहली गावाचे खरे चित्र विकत नव्हते, ही विसंगती मला फार बोलकी वाटते.

या चित्रपटाच्या संगीताविषयी थोडे अधिक सांगणे प्राप्त आहे, कारण त्यात आपलाही एक धागा गुंतला आहे. गीते लिहिली मार्सेलिन जयकोडी या कॅथलिक पाद्र्याने. चाली सुनील शांत यांच्या. हे सुनील शांत शांतिनिकेतनात शिकले, पुढे लखनौच्या भातखंडे विद्यापीठात गेले, विशारद होऊन परतले; आणि सारे शिकून झाल्यावर त्यांनी ठरविले की, सिंहली गाण्याने हिंदुस्थानी रागाची सावली सोडावी. सिंहली शब्दाच्या उच्चारातूनच त्याची चाल निघावी, असा त्यांचा आग्रह. १९५२ साली रेडिओ सिलोनने आपल्या गायक-वादकांची परीक्षा घेऊन प्रतवारी लावण्यासाठी लखनौहून आचार्य श्रीकृष्ण रातंजनकर यांस बोलाविले. रातंजनकर म्हणजे मुंबईत जन्मलेले, भातखंड्यांचे पट्टशिष्य. त्यांच्या अधिकाराविषयी मराठी श्रोत्यांस सांगावयास नकोच. सुनील शांत यांनी त्या परीक्षेस बसण्यास साफ नकार दिला. सिंहली गाण्याची किंमत दुसऱ्या देशाच्या वजनमापाने होऊ नये, हे त्यांचे म्हणणे. परिणाम असा झाला की, त्या काळी घराघरांत ऐकला जाणारा हा आवाज नभोवाणीवरून नाहीसा झाला. रातंजनकरांस दोष द्यावा असे मला वाटत नाही. ते बोलावल्यावरून गेले व आपल्या शास्त्राने बोलले. पण सुनील शांतांचे दुःख आपणांस समजावयास हवे. ‘रेखाव’ची गीते म्हणजे त्या अबोल्यातून निघालेला स्वर आहे.

१९६० मध्ये पेरीस यांनी ‘संदेशय’ काढला. पोर्तुगीजांविरुद्धच्या लढ्याची ती साहसकथा चांगली चालली, तिचे एक गाणे तर पोरासोरांच्या तोंडी झाले. निर्माते होते के. गुणरत्नम, हेही तमिळ. हे नावही लक्षात असू द्यावे.

त्यानंतर १९६३ चा ‘गंपेरळिय’. नवख्या प्रेक्षकाने एकच सिंहली चित्रपट पाहावयाचा ठरविला, तर मी हाच सांगेन. मार्टिन विक्रमसिंह यांच्या १९४४ सालच्या कादंबरीवरून रेजी सिरिवर्धन यांनी पटकथा लिहिली. दक्षिण लंकेतील एक जुने खानदानी घर. अशा घरास तिकडे ‘वलव्व’ म्हणतात, आपण वाडा म्हणू. मानमरातब शिल्लक आहे, पैका आटत चालला आहे. धाकटी मुलगी नंदा हिला इंग्रजी शिकविण्यासाठी पियल नावाचा हुशार तरुण येतो. दोघांचे मन जडते; पण तो कुळाने कमी. त्याची मागणी नाकारली जाते आणि नंदाचे लग्न तोलामोलाच्या पण कर्तृत्वशून्य जिनदासाशी लागते. मूल जाते. वाड्याचे छप्पर गळू लागते. जिनदास पैसा मिळवावयास परगावी जातो तो परतत नाही. इकडे पियल शहरात व्यापार करून धनवान होतो आणि शेवटी ज्या घराने त्याला नाकारले त्याच घराचा जावई होतो. उंबरठ्याबाहेरचे जग उंबरठ्याच्या आत आले. त्याने वाड्याची डागडुजी केली, आणि त्याबरोबर वाडाही संपला.

या सर्व प्रकारात कोणीही मोठ्याने बोलत नाही. गीत नाही, नृत्य नाही, मारामारी नाही, विनोदी गडी नाही. चित्रपट सबंधच्या सबंध स्टुडिओबाहेर, खऱ्या वाड्यात चित्रित झाला. दिव्यांची सामग्री अगदी तुटपुंजी होती. विल्यम ब्लेक यांनी खिडक्यांतून येणाऱ्या उजेडावर व अंधाऱ्या माजघरावर जे काम केले आहे, ते पाहताना कोकणातील अथवा वाईकडील जुन्या घरांचा वास येतो. नंदाचे काम पुण्या हिंदेनिय यांनी केले आहे. नंदा आपल्या मनातले जवळजवळ काहीच बोलून दाखवीत नाही. पण ती दाराआड उभी राहते, आरशासमोरून उठून जाते, थाळी ठेवताना क्षणभर थबकते, आणि आपणांस सर्व कळते. ‘घरंदाज’ या शब्दात किती दुःख कोंडलेले असते, हे आपल्या वाङ्मयात हरिभाऊ आपटे यांनी दाखविले. पडद्यावर ते इतक्या संयमाने दाखविलेले मी क्वचितच पाहिले आहे.

आणि पार्श्वसंगीत कोणाचे? अमरदेव यांचे. ‘अशोकमाला’त घौस मास्तरांनी गावयास उभा केलेला तो ॲल्बर्ट परेरा मधल्या काळात लखनौस भातखंडे विद्यापीठात शिकून, अमरदेव हे नाव धारण करून, सिंहली संगीताचा अधिपती झाला होता. सुनील शांतांनी हिंदुस्थानी राग बाजूस सारून सिंहली सूर शोधला. अमरदेवांनी तो राग पचवून शोधला. दोघेही लखनौचेच विद्यार्थी. तेव्हा ‘गंपेरळिय’ हा कितीही अस्सल असला, तरी त्याच्या एका मुळाशी मदुरे-कोइमतूरचे उसने स्टुडिओ, एक मुसलमान मास्तर व लखनौची तालीम आहे, हे नाकारता येत नाही.

जानेवारी १९६५ मध्ये दिल्लीस तिसरा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरला. परीक्षक-मंडळाचे अध्यक्ष सत्यजित राय. सुवर्णमयूर हे सर्वोच्च पारितोषिक ‘गंपेरळिय’ला मिळाले. तेव्हापासून पेरीस यांस ‘सिलोनचे सत्यजित राय’ म्हणण्याची आपल्याकडे चाल पडली. हेतू गौरवाचा आहे. पण एका घराची ओळख दुसऱ्या घराच्या नावाने देऊ नये. ‘पथेर पांचाली’ १९५५ चा, ‘रेखाव’ १९५६ चा. एकाच ऋतूत दोन ठिकाणी पाऊस पडला, एवढेच.

यापुढचे थोडक्यात सांगतो. १९६८ चा ‘गोळु हदवत’, म्हणजे मुके हृदय, ही शाळकरी वयातील प्रीतीची कथा. तिचा पूर्वार्ध मुलाच्या बाजूने व उत्तरार्ध तीच हकीकत मुलीच्या बाजूने सांगतो, आणि पहिल्या भागात जे निष्ठुर वाटले त्याचे कारण दुसऱ्या भागात कळून आपणच ओशाळतो. १९७२ चा ‘निधानय’ मात्र अगदी निराळ्या जातीचा. विली अबेनायक नावाच्या, वाड्यात एकाकी राहणाऱ्या मनुष्यास जुन्या ताडपत्रात गुप्तधनाचा ठावठिकाणा सापडतो. अट अशी की, मानेवर चार काळे तीळ असलेल्या कुमारिकेचा बळी दिला पाहिजे. तशी मुलगी, आयरीन, त्याला भेटते. तो तिच्याशी लग्न करतो, आणि मग तिच्या सहवासात त्याचे मन द्रवू लागते. पुढचे सांगत नाही. गामिनी फोन्सेका हा त्या काळचा रांगडा, लोकप्रिय नायक. ‘रेखाव’च्या वेळी तो साधा मदतनीस होता. त्याच्याकडून पेरीस यांनी हा भेकड, सुशिक्षित, आतून कुजलेला माणूस करवून घेतला. आयरीन झाली मालिनी फोन्सेका. व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटास रौप्यसिंह मिळाला. आणि १९९७ साली सिंहली बोलपटास पन्नास वर्षे झाली तेव्हा त्या अर्धशतकातील सर्वोत्तम चित्रपट म्हणून याचीच निवड झाली. निर्माते सिलोन थिएटर्सचे अँथनीपिल्लै. पुन्हा एक तमिळ नाव.

पेरीस यांचे वाडे व त्यांतील उसासे यांस कंटाळलेली एक पिढी पुढे आली. धर्मसेन पतिराज यांनी ‘अहस् गव्व’ (१९७४) मध्ये कोलंबोतील बेकार तरुण आणले, ‘बंबरु ॲवित्’ (१९७८) मध्ये किनाऱ्यावरील कोळी व त्यांच्यावर येऊन बसणारा शहरी व्यापारी आणला. त्याच पतिराजांनी १९७७ साली जाफन्यात जाऊन ‘पोन्मणी’ हा तमिळ बोलपट काढला. तीस वर्षांपूर्वी तमिळ निर्मात्याने सिंहली बोलपट उभा केला होता. एका सिंहली दिग्दर्शकाने ते ऋण आपल्या परीने फेडले, असे मी समजतो.

सहा वर्षांनी, जुलै १९८३ मध्ये, कोलंबोत तमिळांची कत्तल झाली. गुणरत्नम यांचा हेंदल येथील ‘विजया’ स्टुडिओ जमावाने जाळला. त्यात साठवलेल्या अनेक बोलपटांच्या मूळ प्रती जळून गेल्या. त्या प्रती सिंहली बोलपटांच्या होत्या. मालक तमिळ म्हणून सिंहली जमावाने सिंहली गीते, सिंहली चेहरे, सिंहली गावे आपल्याच हातांनी आगीत लोटली. के. व्यंकट या तमिळ दिग्दर्शकाने सिंहली प्रेक्षकांसाठी बोलपट काढले होते. त्याच दंगलीत त्यांचा खून झाला. १९२५ च्या आगीविषयी मी प्रारंभी बोललो होतो. ती आग कशी लागली याने आज कोणाचे काही अडत नाही; ही कोणी लावली ते सर्वांस ठाऊक आहे.

जे आगीतून वाचले त्यास हवेने खाल्ले. उष्ण व दमट हवेत चित्रफीत आंबते, तिला शिरक्याचा वास येऊ लागतो, ती आकसते आणि मग यंत्रातून जात नाही. मुंबईच्या समुद्रकाठी आपल्या मूकपटांचे जे झाले, तेच कोलंबोच्या समुद्रकाठी झाले. म्हणून आज नवख्या प्रेक्षकास यांपैकी पुष्कळ चित्रपट पुसट, ओरखडलेल्या प्रतींतूनच पाहावे लागतात, आणि तो मनात म्हणतो की यात एवढे काय आहे! त्याचा दोष नाही. धुळीने माखलेल्या काचेतून वाडा पाहिला तर वाडा दिसत नाही, धूळ दिसते.

यास एक सुंदर अपवाद अलीकडे घडला. लेस्टर पेरीस यांच्या पत्नी सुमित्रा पेरीस यांनी ‘गंपेरळिय’चे संकलन केले होते, पुढे त्या स्वतः दिग्दर्शिका झाल्या आणि १९७८ साली त्यांनी ‘गेहेणु ळमयि’, म्हणजे ‘मुली’, हा पहिला चित्रपट काढला. कुसुम नावाची गरीब घरची अभ्यासू मुलगी, आणि तिच्यावर जीव लावणारा, परंतु तिच्याहून वरच्या घरातला निमल. पतीच्या चित्रपटांत स्त्रियांचे दुःख दाराआडून दिसते. सुमित्राबाई दाराच्या आत जाऊन बसतात. मुलीने काय वाचावे, कोणाकडे पाहावे, किती हसावे, हे ठरविणारी माणसे त्यात दुष्ट नाहीत, प्रेमळच आहेत. म्हणून तर तिला त्यांच्याशी भांडता येत नाही. लेस्टर पेरीस २०१८ मध्ये, नव्याण्णवाव्या वर्षी वारले. सुमित्राबाई २०२३ मध्ये गेल्या. या चित्रपटाची झिजलेली फीत हाती घेऊन तिचा जीर्णोद्धार करण्याचे काम मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनने भारत, फ्रान्स व श्रीलंका यांच्या सहकार्याच्या योजनेखाली पार पाडले, आणि मे २०२५ मध्ये कान येथे, अभिजात चित्रपटांच्या विभागात, तो नव्या तेजाने दाखविला गेला. सिंहली बोलपट पुन्हा एकदा समुद्र ओलांडून आपल्याकडे आला होता. या खेपेस उपचारासाठी.

कानचा तो महोत्सव २४ मे रोजी संपला. त्याच दिवशी कोलंबोत मालिनी फोन्सेका यांचे निधन झाले. ‘गंपेरळिय’पासून आरंभ करावा असे मी वर म्हटले आहे, परंतु कोणास प्रथम मालिनीबाईंस पाहावे असे वाटले, तर त्याने ‘निधानय’पासून सुरुवात करावयास माझी हरकत नाही. रात्री एकट्याने मात्र तो पाहू नये.